पुनवेच्या चिंबोऱ्या

डॉ. मोरेश्वर दिघ्यांचा कुणावरही विश्वास नव्हता, आणि ही गोष्ट ते लपवूनही ठेवत नसत. दूधवाला पाणी घालतो, पोस्टमन पत्रं उघडून वाचतो आणि पुण्याचा छापखाना मुद्दाम चुका करतो, अशी त्यांची तीन ठाम मतं होती. पनवेलात लोक हसायचे. शेजारचा दाजी कंपाउंडर तर म्हणायचा, "डॉक्टर आरशात बघताना सुद्धा 'हा कोण?' म्हणून विचारत असतील." पण हसणाऱ्यांनी एक लक्षात घ्यावं. ज्याचा जन्म मायक्रोस्कोपला डोळा लावण्यात गेला, त्याला संशय हा पोटापाण्याचा धंदाच असतो. दिसलं ते खरं कशावरून, हे शंभरदा विचारायचं, तेव्हा कुठे एक ओळ छापायची. फक्त हा गृहस्थ जेवायला बसल्यावरही ते थांबवत नसे, एवढंच.

एकसष्ट सालच्या जानेवारीत त्यांना मुंबईहून एक पत्र आलं. लिहिणारी डॉ. इंदुमती ताम्हाणे. ही एके काळची त्यांची विद्यार्थिनी, आता स्वतः संशोधन करणारी. पत्र अगदी नम्र होतं, आणि होतं चिंबोऱ्यांबद्दल, म्हणजे खाडीतल्या खेकड्यांबद्दल. "सर, चिंबोऱ्यांच्या पेशींवरचा आपला प्रयोग मी तीन महिने करून पाहिला. ताज्या, माझ्यासमोर पकडलेल्या चिंबोऱ्या घेतल्या. अमावास्या आणि पौर्णिमा यांत मला काहीच फरक आढळला नाही. माझं कुठे चुकत असेल? आपल्या मूळ काचपट्ट्या पाहायला मिळतील का?"

डॉक्टरांनी पत्र तीनदा वाचलं. "माझ्यासमोर पकडलेल्या! म्हणजे आम्ही काय डोळे मिटून पकडतो?"

"अहो, पोरगी विचारतेय नुसतं," द्वारकाबाई म्हणाल्या. या त्यांच्या पत्नी. चाळीस वर्षं त्यांनी हा संशय तिखटमिठासारखा रोजच्या जेवणात धरून चालवला होता.

"विचारत नाही. सांगतेय. सगळ्या जगाला सांगणार आहे, आधी मला सांगतेय."

नाकाला मिरच्या झोंबायला कारणही तसंच होतं. दिघे मूळचे पनवेलचेच. विलायतेत दोन वर्षं राहून पेशीविज्ञान शिकून आले आणि मुंबईच्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवू लागले. पेशी दुभंगते कशी, तिच्या पोटातल्या बारीक धाग्यांची वाटणी कशी होते, हे बघण्यात दिवस सरायचा. हुशार माणूस, पण नाव काही होईना. बेचाळीस साली जपानी बॉम्ब पडणार म्हणून निम्मी मुंबई गावोगाव पळाली, तेव्हा हेही बिऱ्हाड घेऊन पनवेलला आले. आणि एके सकाळी मागच्या दारी गुणाबाई कोळीण पाटी उतरवताना बोलून गेली, "अवसेची चिंबोरी भरलेली, पुनवेची पोकल. घ्याची तर आजच घ्या."

हे काय, सगळ्या खाडीला ठाऊक असलेलं. पण डॉक्टरांच्या डोक्यात किडा शिरला. मांस जर चंद्राच्या तालावर भरतं आणि उतरतं, तर आतल्या पेशीही त्याच तालावर दुभंगत असतील का?

त्या दिवसापासून ठरून गेलं. दर अवसेला सहा आणि दर पुनवेला सहा, जिवंत, नर चिंबोऱ्या गुणाबाईने मागच्या दारी आणून द्यायच्या. डॉक्टर स्वतः दार उघडून घ्यायचे. मग त्यांचा साहाय्यक काशिराम त्या चिरायचा, नराच्या बीजाची ग्रंथी काढायचा, औषधात मुरवायचा, मेणात बसवायचा, केसाहून पातळ काप काढून काचेच्या पट्टीवर चिकटवायचा आणि जांभळ्या रंगात रंगवायचा. त्या पट्टीत डॉक्टर मोजायचे, शंभर पेशींत किती दुभंगताहेत. अवसेला तीस-बत्तीस निघायच्या, पुनवेला पाच नाहीतर सहा. वर्षामागून वर्षं हाच हिशेब. विज्ञानाला लागायचं ते तीळभर, उरलेल्या चिंबोरीचं द्वारकाबाई कालवण करायच्या. दिघे कायस्थ, त्यामुळे तीही सोय झाली.

लढाई संपली, कॉलेज पुन्हा मुंबईत भरलं, तरी महिन्यातल्या दोन रजा ठरलेल्या. सहकारी त्यांना 'अमावास्या मास्तर' म्हणायचे. म्हणेनात का! एकोणपन्नास साली 'खाडीचा खेकडा आणि पेशीविभाजन' हा इंग्रजी ग्रंथ निघाला आणि ज्यांनी हसायचं त्यांनीच अभिनंदनाची पत्रं लिहिली. मग मराठीत 'चंद्रकला आणि पेशी' निघालं. त्याच्या दोन आवृत्त्या संपल्या. परदेशातल्या पाठ्यपुस्तकांत त्यांचा तो चढउताराचा आलेख छापून येऊ लागला. आता कॉलेजातून निवृत्त होऊन ते पनवेललाच होते, तिसरी आवृत्ती पुण्यात जुळवून तयार होती आणि तिचं इंग्रजी भाषांतर लंडनला जायचं होतं. शेवटची मुद्रितं टेबलावर पडली होती. फेब्रुवारी संपायच्या आत सही करून धाडायची. आणि नेमकी आता ही बाई म्हणत होती की आलेखात चढही नाही आणि उतारही नाही. ती खरी असेल तर पुस्तक रद्दी, एकोणीस वर्षं रद्दी आणि डॉ. मोरेश्वर दिघे हे नावही रद्दी.

मग संशयाला सुरुवात झाली. पहिला संशय बाईवर, तिला गुरूच्या डोक्यावर पाय ठेवून वर जायचंय. दुसरा मोऱ्याच्या चिंबोऱ्यांवर, कारण तिने खाली बारीक अक्षरात लिहिलं होतं की चिंबोऱ्या उरणजवळच्या मोरा बंदरातून आणल्या. "मोऱ्याची चिंबोरी वेगळी! समुद्राच्या तोंडाशी राहणारी!" हे ते दिवसभर सगळ्यांना ऐकवत राहिले. ऐकणारी माणसं घरात दोनच, बायको आणि काशिराम.

काशिराम ऐकून खाली बघत राहिला. आणि तिथे डॉक्टरांची नजर अडकली.

काशिराम म्हात्रे मिठागराच्या गावचा आगरी. विशीत हमाल म्हणून आला. पेट्या उचलता उचलता मेण कापायला शिकला आणि आता चाळिशीत त्याच्याइतका पातळ काप काढणारा हात मुंबईतही नव्हता. हे डॉक्टर स्वतः म्हणायचे, पण त्याच्या पाठीमागे. प्रत्येक पट्टीवरची चिठ्ठी त्याच्या अक्षरात असायची. तिथी, नंबर, सगळं.

चिठ्ठ्या! डॉक्टर रात्रभर तळमळले. समजा, या माणसाला ठाऊक आहे की साहेबांना अवसेला जास्त हव्यात आणि पुनवेला कमी. समजा, रंगवून झाल्यावर तो आधी भिंगातून बघतो आणि मग साहेबांना हवी तशी चिठ्ठी लावतो. साहेब खूश, नोकरी पक्की. असं एकोणीस वर्षं चाललं असेल तर?

सकाळ झाल्यावर दुसराच विचार आला. काशिराम त्या बाईला फितूर तर नसेल? तिनेच याला पढवून हल्लीच्या पट्ट्या बिघडवल्या असतील तर? आता बघा, पहिल्या आरोपात काशिरामने डॉक्टरांना खूश करायला फसवलं आणि दुसऱ्यात त्यांना बुडवायला. दोन्ही एकदम खरे असूच शकत नाहीत. पण संशयाला कुठे तर्कशास्त्राची परीक्षा द्यायची असते? डॉक्टर दोन्ही आरोप दोन खिशांत घालून फिरू लागले. काशिराम जेवायला गेला की पेट्या उघडून बघायचे. तो आला की पाठ करून उभे राहायचे आणि एकदम वळायचे.

"साहेब, काय हवंय का?" काशिराम विचारायचा.

"काही नाही. तू तुझं काम कर."

आठ दिवस हा खेळ चालला आणि मग दाजी कंपाउंडरने तेल ओतलं. सहज, कुंपणापाशी. "तुमचा काशिराम दिवाळीनंतर दर पंधरवड्याला मोऱ्याला जातो वाटतं? मेहुणा सांगत होता. पाटी घेऊन लाँचमध्ये बसताना दिसतो म्हणे, मुंबईला जाणाऱ्या."

डॉक्टरांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तसेच आत आले. काशिराम पट्ट्या पुसत होता.

"मोऱ्याच्या चिंबोऱ्या ताम्हाणेबाईंना कुणी पोचवल्या?"

काशिरामने फडकं खाली ठेवलं. "मी, साहेब."

"मी! आणि तोंड वर करून सांगतोस?"

"इंदूताईंनी तुमच्याकडं पनवेलच्या मागितल्या होत्या. तुमी म्हनालात, माझ्या खाडीचा खेकडा मी कुनाला देत नाय. म्हनून मोऱ्याच्या दिल्या. ताईंसमोर धरून घेतल्या आनि मुंबईस नेऊन दिल्या. तुमचा शब्द मोडला नाय."

"मला न सांगता!"

"तुमचंच खरं निघंल असं वाटलं, साहेब. दुसऱ्या हातानं खरं निघालं तर लंडनला कोन तोंड वर करनार नाय, म्हनून गेलो. मंग ताई म्हनाल्या, तसं निघालं नाय. मना वाटलं, हितल्या माझ्याच रंगात खोट हाय. दोनदा नवीन रंग केला."

आता हे ऐकून एखाद्याच्या डोळ्यांत पाणी आलं असतं. डॉक्टरांना फक्त एवढंच ऐकू आलं की त्याने कबूल केलं. त्यांनी दुसरा खिसा उपडा केला.

"आणि चिठ्ठ्या? चिठ्ठ्या तू कधी लावतोस? भिंगातून बघायच्या आधी की नंतर?"

काशिरामला आधी समजलंच नाही. मग समजलं. त्याचा चेहरा उतरला. कमरेची चाव्यांची जुडी सोडून त्याने टेबलावर ठेवली.

"थांब," डॉक्टर म्हणाले. "पेट्या मोजून घेतो."

आणि त्यांनी मोजल्या. एकशे चौदा पेट्या, एकेक उघडून, एकोणीस वर्षांच्या. काशिराम दाराशी उभा होता. द्वारकाबाई स्वयंपाकघरातून दोनदा येऊन गेल्या. दुसऱ्यांदा त्या म्हणाल्या, "अहो, लाज वाटू द्या थोडी." पण डॉक्टरांनी शेवटच्या पेटीपर्यंत मोजल्या. सगळ्या भरल्या. एकही पट्टी कमी नव्हती. मग काशिराम गेला.

चार दिवसांनी माघी पौर्णिमा आली. गुणाबाईने नेहमीप्रमाणे मागच्या दारी सहा चिंबोऱ्या आणून दिल्या. या खेपेला डॉक्टरांनी सगळं आपल्या हाताने करायचं ठरवलं. तिसरा माणूस नको, त्याची चिठ्ठी नको. अठ्ठावन्न वर्षांच्या हातांना सवय नव्हती, काप जाड निघत होते. तीनदा मेण फुकट गेलं आणि तीनदा काशिरामच्या नावाने हाक मारायला तोंड उघडून त्यांनी मिटलं. पाचव्या दिवशी पट्ट्या तयार झाल्या. डॉक्टरांनी भिंगाला डोळा लावला आणि मोजलं. शंभरात पाच. दुसरी पट्टी, शंभरात सहा. तिसरी, पुन्हा पाच.

"द्वारका!" ते ओरडले. "पाच! पुनवेला पाचच! माझ्या हाताने, माझ्या डोळ्याने!"

पुस्तक खरं होतं. बाई खोटी होती, मोरा बंदर खोटं होतं. त्यांनी मुद्रितं पुढे ओढली आणि प्रस्तावनेखाली टीप लिहिली की अलीकडे काही अननुभवी संशोधकांनी परक्या खाडीतल्या चिंबोऱ्या परक्या हातून घेऊन जे निष्कर्ष काढले, त्यांची दखल घेण्याचं कारण नाही. लिहिताना एक गोष्ट त्यांच्या मनात येऊन गेली. आपल्या हाताने करूनही पाचच निघाल्या, म्हणजे काशिरामच्या चिठ्ठ्या खऱ्याच होत्या. ही गोष्ट त्यांनी बाजूला सारली. नंतर बघू म्हणाले. माणूस स्वतःला सूट देतो तेव्हा मनाने किती उदार होतो पाहा!

त्या दुपारी जेवताना डॉक्टर बऱ्याच दिवसांनी हसतखेळत होते. द्वारकाबाईंना बरं वाटलं. भात वाढता वाढता त्या म्हणाल्या, "एक मात्र आहे हं. गुणाबाईचा हात लक्ष्मीचा. कोपऱ्यावरच्या गंगाबाईंनी त्याच पुनवेला बाजारातून चिंबोऱ्या आणल्या, तर फोडल्यावर आत नुसतं पाणी. सगळ्या टाकून दिल्या बिचारीने. मला म्हणते, तुमच्याकडे पुनवेच्या सुद्धा भरलेल्या कशा निघतात हो? मी म्हटलं, आमच्याकडे कायमच्याच. इतक्या वर्षांत पुनवेची पोकळ चिंबोरी माझ्या पातेल्यात पडलेली नाही."

डॉक्टरांचा घास हातातच राहिला.

"काय म्हणालीस?"

"पोकळ पडलेली नाही म्हटलं. का हो?"

पुनवेची चिंबोरी पोकळ, ही सगळ्या खाडीची म्हण. तीच म्हण धरून त्यांनी पुस्तक उभारलं होतं. आणि त्यांच्याच घरी एकोणीस वर्षं पुनवेला भरलेल्या चिंबोऱ्या शिजत होत्या! त्यांनी आजवर तीळभर ग्रंथी बघितली, बाकीची चिंबोरी बघितलीच नाही. ती वाटीत आली की खाल्ली. डॉक्टर हात धुऊन उठले, पायात वहाणा अडकवल्या आणि भर उन्हात कोळीवाड्याकडे निघाले.

गुणाबाई दारात जवळा वाळत घालत होती. डॉक्टरांना बघून ती घाबरलीच. "डॉक्टर? तुमी? कोन मेला काय?"

"कुणी मेलं नाही. गुणाबाई, मला एक सांग. पुनवेला ज्या चिंबोऱ्या आणतेस, त्या कधी पकडलेल्या असतात?"

"त्या व्हय!" ती मोकळेपणाने हसली. "त्या अष्टमीच्या. अष्टमीपातूर मिलतान भरलेल्या. मंग पोकल व्हत जातान. मी सहा चांगल्या बगून तुमच्यासाटी काडून ठेवते."

"ठेवतेस? कुठे?"

तिने आत नेऊन दाखवलं. चुलीपासून लांब, अंधाऱ्या कोपऱ्यात एक ओलं पोतं. "नांग्या बांधून ह्याच्यात घालते. सकाळ-संध्याकाळ खाडीचं पानी शिपडते. येक मरत नाय."

"आणि खायला?"

"खायाला कशाला? आठ दिस चिंबोरी उपाशी राहून काय मरतं?"

डॉक्टर पोत्याकडे बघत हिशेब करू लागले. आठ दिवस अन्न नाही, अंधार, हालचाल नाही. उपाशी प्राणी आधी बीज तयार करायचं थांबवतो. अंगाचं मांस राखतो आणि आतल्या पेशी गप्प बसवतो. हे ते पहिल्या वर्षाच्या पोरांना शिकवायचे. अवसेच्या चिंबोऱ्या त्याच दिवशी पकडलेल्या, भरल्या पोटाच्या. पुनवेच्या आठ दिवस उपाशी. इतकी वर्षं भिंगाखाली जे दिसलं ते चांदणं नव्हतंच, तो उपास होता. आणि इंदुमतीने समोर पकडून घेतलेल्या, दोन्ही वेळच्या ताज्या. तिला फरक दिसणार कुठून? होताच कुठे फरक!

"अगं, पण का?" त्यांचा आवाज फाटला. "मी पुनवेच्या मागितल्या होत्या! पोकळ तर पोकळ! तशाच द्यायच्यास ना!"

गुणाबाईचं हसू मावळलं. तिने पदर खोचला. "म्हंजे? पोकल माल देऊ तुमाला? तुमी येवढे डॉक्टर, लांबून लांबून लोकं तुमाला भेटाया येतान, आनि गुणी कोलनीनं तुमच्या दारात पोकल चिंबोरी टाकली म्हंजे माजी काय इज्जत राहिली? बाजारात मी पुनवेची चिंबोरी इकत नाय. कवाच नाय. तुमाला पायजे, म्हनून येवडा खटाटोप केला. माज्या सुनंला इचारा, पोरं मागतान तरी त्या सहांना हात लावू दिला नाय."

"माझी सगळी वर्षं गेली गं त्यात," डॉक्टर म्हणाले. ते तिथल्याच उपड्या पाटीवर बसले.

"मंग मी खोटा माल दिला म्हंता?"

"तसं नाही..."

"तसंच म्हंता!" आता ती खरोखर चिडली होती, आणि डोळ्यांत पाणीही होतं. "तर मंग इचारलात कवा? इतक्या वर्सांत येक डाव तरी इचारलात, गुणे, ही कवा धरली, कशी ठेवली? दार उघडाचं, सहा मोजून घ्याचं, दार लावाचं. मी सांगितलं असतं की! चोरी थोडीच व्हती!"

डॉक्टरांनी आपलेच संशय मोजले. पोस्टमनवर संशय घेतला, छापखान्यावर घेतला, काशिरामवर तर दोन-दोन घेतले. चोर सोडून संन्याशाला सुळी, आणि इथे तर चोरही नव्हता. सगळ्या जगाला 'कशावरून?' विचारणाऱ्या माणसाने मागच्या दारी उभ्या असलेल्या बाईला ते एकदाही विचारलं नव्हतं. त्यांना वाटलं, ती काय सांगणार. गुणाबाईने तांब्याभर पाणी आणून पुढे ठेवलं, रागातच. ते पिऊन डॉक्टर उठले.

घरी परतताना त्यांच्या मनात काय काय आलं, ते लपवण्यात अर्थ नाही. ही गोष्ट ठाऊक कुणाला? त्यांना एकट्यालाच. गुणाबाईला पेशी म्हणजे काय ते ठाऊक नाही, द्वारकेला सांगितलं तरच कळणार. इंदुमतीला उपासाचा पत्ता लागायला दहा वर्षं जातील. मुद्रितांवर सही केली तर पुस्तक निघेल, लंडनला जाईल, आणि आपण मरेपर्यंत 'चंद्रकला'वाले दिघेच राहू. मोह झाला, चांगला तासभर झाला. टेबलाशी बसून त्यांनी पेन उघडलं सुद्धा. पण समोर ती टीप होती, 'परक्या हातून', आणि तिच्यावरून पुढे हात सरकेना. खोटं ठाऊक असताना सही करायची, तर मग काशिरामला दाराशी उभं केलं होतं ते कशासाठी?

संध्याकाळपर्यंत त्यांनी एकच मजकूर दोनदा लिहिला, एक पुण्याला आणि एक इंदुमतीला. आवृत्ती थांबवावी. पौर्णिमेच्या चिंबोऱ्या आठ दिवस उपाशी ठेवलेल्या होत्या. विकणारीने त्या चांगल्या हेतूने, काळजीने ठेवल्या. तिला विचारणं माझं काम होतं, ते मी केलं नाही. आलेख चुकीचा आहे, कृपया यापुढे कुणी छापू नये. आणि शेवटी एक ओळ, 'या चुकीत माझे साहाय्यक श्री. काशिराम म्हात्रे यांचा काहीही दोष नाही, त्यांचं काम निर्दोष होतं.' ही ओळ लिहिल्यावर डॉक्टरांना जरा हलकं वाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पत्रं घेऊन ते काशिरामच्या गावी गेले. हंगाम होता, मिठागरात मीठ ओढण्याचं काम चाललं होतं. काशिराम भावाबरोबर गुडघ्यापर्यंत धोतर खोचून वाफ्यात उभा होता. डॉक्टरांना बघून तो बांधावर आला, पाय पुसले. डॉक्टरांनी त्याला सगळं सांगितलं. पोतं, अष्टमी, उपास. तो ऐकत राहिला.

"गुणाबाई!" तो एवढंच म्हणाला आणि कपाळाला हात लावला. "आनि मी रंग बदलत बसलो."

"हे वाच," डॉक्टर म्हणाले.

काशिरामने उभ्या उभ्या सावकाश वाचलं. पहिल्या पानाशी त्याचे डोळे भरले. केलं ते त्याच्याही हातांनी केलं होतं, त्याचीही एकोणीस वर्षं त्यात होती. हे डॉक्टरांच्या आत्ता ध्यानात आलं. मग तो शेवटच्या ओळीशी आला आणि थांबला.

"साहेब, ही ओळ कशाला?"

"कशाला म्हणजे? तुझा दोष नाही हे जगाला कळायला नको?"

"जगानं कुठं म्हटलं होतं, माझा दोष हाय म्हनून? पुन्याच्या मानसाला माझं नाव तरी ठाऊक हाय? ते म्हनालात फक्त तुमी. आनि ते ऐकलं कुनी? मी." त्याने कागद परत पुढे केले. "जिथं म्हनालात तिथं सांगा की."

डॉक्टरांनी खिशातून पेन काढून ती ओळ दोन्ही पत्रांवर खोडली. शाई पसरली. मग त्या बांधावर, मीठ ओढणाऱ्या दहा-बारा माणसांसमोर, ते म्हणाले, "काशिराम, मी तुझ्यावर खोटा आळ घेतला. तू प्रामाणिक आहेस, हे मला काल पट्टी बघितली तेव्हाच कळलं होतं, तरी मी ते बाजूला सारलं. मी चुकलो."

माणसं काम थांबवून बघू लागली. काशिरामने मान हलवली.

"परत ये," डॉक्टर म्हणाले. "पहिल्यापासून करू. ताज्या चिंबोऱ्या घेऊ, आपल्यासमोर पकडून. तुझ्याशिवाय मला काप काढता येत नाही."

"आलो असतो," काशिराम म्हणाला. आवाजात राग नव्हता. "पन खरं सांगा साहेब. मी संध्याकाळी घरी गेल्यावर तुमी पेट्या मोजनार नाय?"

'नाही' म्हणायला डॉक्टरांनी तोंड उघडलं. म्हटलं असतं तर तो आला असता, हे त्यांना दिसत होतं. पण आदल्या दिवशीच एक खोटं त्यांनी कागदावरून काढून टाकलं होतं, आणि स्वतःला ते आता पुरते ओळखत होते.

"मोजीन," ते म्हणाले.

काशिराम पुन्हा वाफ्यात उतरला. डॉक्टर पत्रं टपालात टाकायला पनवेलच्या रस्त्याला लागले.